घरच्या माणसाला पत्रिका

डोंबिवली पूर्व
१२ डिसेंबर २०२४

सलिल,

आशीर्वाद आहेतच, पण ते आत्ता रागाखाली दबलेत. शोधून घे.

शिवानीचं लग्न ठरलं. ही बातमी सख्ख्या भावाला मला पोस्टाच्या पाकिटातून कळवावी लागतेय, कारण त्या भावाने फोन वर्षभरासाठी बंद करून कपाटात ठेवलाय. टिटवाळा म्हणजे काही विलायत नाही. पण तुझ्या कलाकृतीचा नियमच असा की फोन घ्यायचा नाही आणि कागदावर लिहून बोलावल्याशिवाय कुठेही जायचं नाही. पाडव्यापासून पाडव्यापर्यंत. लोकांना मी सांगू काय? सुधीरच्या ऑफिसातले विचारतात, ‘मेहुणे काय करतात?’ सुधीर म्हणतो, ‘आर्टिस्ट आहेत.’ ‘चित्रं काढतात?’ ‘नाही.’ ‘मग?’ मग सुधीर सगळ्यांसाठी चहा मागवतो.

मी अख्खी नोकरी शाळेचं टाइमटेबल लावण्यात घालवली. नियमांचं मला वावडं नाही. पण नियम काम सोपं व्हावं म्हणून असतात. ठाण्यात फक्त फुटपाथवरूनच चालायचं असं ठरवून तू निघालास आणि फुटपाथ संपला म्हणून एका नाक्यावर अर्धा दिवस उभा राहिलास, तेव्हाही मी हेच म्हटलं होतं. तेव्हा तू हसला होतास. लोक मात्र तुला हसत होते, तो फरक तुला कधी कळला नाही.

असो. मुलाचं नाव विनीत. घोडबंदर रोडला राहतात. त्याची आई शीलाताई, फार रीतीची बाई. लग्न २ मार्चला, रविवारी, इथे डोंबिवलीतच. पत्रिका छापायला गेली आहे. आमच्या नावांखाली निमंत्रकांत तुझं नाव आहे, ‘मामा, श्री. सलिल’. ‘श्री.’ सुधीरने लावला, मी नाही. तेव्हा तुला वेगळी पत्रिका येणार नाही. घरच्या माणसाला पत्रिका देत नाहीत. मुलीला गौरीहरापासून मांडवात मामाने आणायचं असतं आणि शिवानीला मामा एकच आहे. बाकी सांगायची गरज नसावी.

ताई


टिटवाळा
२१ डिसेंबर २०२४

ताई,

तुझं पत्र वाचून सखुबाईंना पेढे दिले. सखुबाई म्हणजे माझ्या शेजारीण. त्यांना वाटलं मला नोकरी लागली. शिवानीचं लग्न म्हटल्यावर त्यांचा चेहरा जरा पडला, पण पेढा खाल्ला.

आता मुद्द्यावर येतो आणि तू चिडणार आहेस हे धरूनच लिहितो. तुझ्या पत्रात तारीख आहे, गाव आहे, मुलाच्या आईचा स्वभावसुद्धा आहे. बोलावणं नाही. मी दोनदा वाचलं. पत्रिकेत माझं नाव निमंत्रकांत आहे हे तू लिहिलंस, पण ती पत्रिका मला मिळणार नाही असंही त्याच पत्रात आहे. म्हणजे मी लोकांना बोलावू शकतो, स्वतः जाऊ शकत नाही. हे मी रचलेलं नाही, हे तुझं आहे, आणि खरं सांगायचं तर माझ्यापेक्षा सरस आहे.

किराणा, दवाखाना आणि पोस्ट सोडून मी एप्रिलपासून एकाही ठिकाणी आपणहून गेलेलो नाही. आणि लिहून बोलावलेल्या एकाही ठिकाणी नाही म्हटलेलं नाही. ‘कुणीही लिहून बोलवा, येईन’ अशी छोटी जाहिरात दिली होती, तेवढीच. लोक बोलावतात गं. आंबिवलीला एका अनोळखी बाळाच्या बारशाला गेलो, तिथे मला घुगऱ्या वाटायला लावल्या. शहाडच्या एका सोसायटीने वार्षिक सभेला बोलावलं आणि मी थोडक्यात खजिनदार होता होता वाचलो. उल्हासनगरला एका आजोबांच्या सहस्रचंद्रदर्शनाला बसलो होतो. आजोबांनी विचारलं, ‘तुम्ही कोणाचे?’ मी म्हटलं, ‘निमंत्रित.’ त्यांनी मला शेजारी बसवून घेतलं. म्हणाले, बाकीचे सगळे कर्तव्य म्हणून आलेत.

हे मी कशासाठी करतो ते तुला कधी सांगितलं नाही. ज्या संस्थेची फेलोशिप आहे तिच्यासाठी प्रदर्शनाच्या भिंतीवर लावायचा मजकूर लिहिलाय, त्याची सुरुवात अशी: ‘माझ्या बहिणीच्या लग्नात आमच्या मामाला बोलावणं गेलं नाही. तो दिवसभर कळव्याच्या घरात नवा शर्ट घालून बसून राहिला. मी तेव्हा बारा वर्षांचा होतो.’ रवींद्रमामाचा तो शर्ट मला अजून दिसतो. मी लग्नातून पळून त्याला बघायला गेलो होतो, आठवतं?

एक ओळ लिही ताई. ‘सलिल, लग्नाला ये.’ तीन शब्द. बाकी सगळं मी करतो.

सलिल


डोंबिवली पूर्व
२ जानेवारी २०२५

सलिल,

तुझं पत्र सुधीरला मोठ्याने वाचून दाखवलं आणि निम्म्यात माझा आवाज बसला. हसून नव्हे.

अरे गाढवा, मामाला बोलावणं गेलं होतं. गेलं होतं म्हणूनच तो आला नाही.

तू बारा वर्षांचा होतास, तुला कोणी काही सांगितलं नाही, आणि तूही विचारलं नाहीस. आता माझ्याकडून ऐक. बाबांना लग्नाच्या धावपळीत कळव्याला जायला जमलं नाही, म्हणून त्यांनी मामाला पत्रिका पोस्टाने पाठवली. वर नाव, पत्ता, तिकीट, सगळं व्यवस्थित. आई म्हणत होती, माझ्या भावाला घरी जाऊन अक्षत द्यायची असते, हातात. बाबा म्हणाले, पत्रिका मिळाली म्हणजे झालं. मामाने ती उघडली आणि म्हणाला, ‘मला पोस्टमन बोलावतो? मी कोणी तिऱ्हाईत आहे?’ आणि तो शर्ट घालून बसला खरा, पण यायला नव्हे. कोणी न्यायला येतं का ते बघायला. कोणी गेलं नाही. मला मांडवात बाबांनीच आणलं, गुरुजी कुरकुरले, आणि आईने त्यानंतर मामाचं तोंड फार क्वचित पाहिलं. तो गेला तेव्हाही आपण परक्यासारखे मागे उभे होतो.

म्हणजे तू वर्षभर जो कागद मागत दारोदार फिरतोयस, त्या कागदानेच आपलं घर तोडलं. आणि आता तू मला सांगतोस, मी तोच कागद तुला पाठवू. भिंतीवर काय लावायचं ते लाव. पण मी माझ्या भावाला तिऱ्हाईत करणार नाही. तीन शब्द काय, एक अक्षर लिहिणार नाही.

तुला यायचं असेल तर यावंसं वाटलं पाहिजे. मी लिहिलं आणि तू आलास, तर तू नियमाला आलास. मला कधीच कळणार नाही की तू शिवानीसाठी आला असतास का. एवढं एकच मला कळायला हवंय, आणि ते सुद्धा तू मला कळू देत नाहीस.

ताई


टिटवाळा
२३ जानेवारी २०२५

ताई,

बरेच दिवस उत्तर लिहिलं नाही, कारण काय लिहावं कळेना. मी वर्षभर चुकीच्या पायावर उभा आहे असं तुझं पत्र सांगतं. संस्थेच्या बाईंना कळवलं. त्या म्हणाल्या, मजकूर छापून झाला आहे, आणि तसाही तो फार ‘पॉवरफुल’ आहे. तेव्हा खोटा मामा भिंतीवर जाणार आणि खरा आपल्या दोघांत राहणार.

पण तू अर्धवट न्याय करतेस. मामाला कागद नको होता, त्याला माणूस हवा होता, हे तूच लिहिलंस. मग तू माणूस पाठव ना. स्वतः ये, अक्षत घेऊन. नियमात अक्षत कशी बसवायची ते मी बघतो. कागदात गुंडाळून आणलीस तरी भागेल. साडेनऊ महिने मी हे पाळलंय ताई. एखाद्याने उपास धरला तर घरचे त्याच्या ताटात उसळ वाढत नाहीत, वरई करतात. तेवढं तरी माझ्यासाठी कर.

बाकी इथलं ठीक. गेल्या आठवड्यात कल्याणला एका दातांच्या दवाखान्याच्या उद्घाटनाला गेलो होतो. डॉक्टरांनी लिहून बोलावलं होतं. फीत कापल्यावर माझाच एक दात तपासला. घरी आलो तर सखुबाई म्हणाल्या, कोणी एक बाई आल्या होत्या, चांगल्या घरच्या, हातात पिशवी, देवळातून आल्यासारख्या. बराच वेळ पायरीवर बसल्या. नाव विचारलं तर सांगितलं नाही, चिठ्ठीही ठेवली नाही. कोणाकडे तरी मुंज वगैरे असणार. एक आमंत्रण हुकलं म्हणून हळहळ वाटली.

सलिल


डोंबिवली पूर्व
२९ जानेवारी २०२५

सलिल,

ती बाई मी होते.

संकष्टीला गणपतीचं दर्शन घेतलं आणि तुझ्याकडे आले. पिशवीत अक्षत होती, कुंकू होतं, नारळ होता आणि तुला आवडतात म्हणून नारळाच्या वड्या होत्या. आईने मामासाठी जे करायचं राहून गेलं ते करायला आले होते. तुझ्या सखुबाई म्हणाल्या, ‘साहेब आमंत्रणाला गेलेत.’ मी विचारलं, कोणाच्या? तर म्हणाल्या, ‘ते त्यांनाबी ठाऊक नसतं.’

मी पायरीवर बसले. वाटलं, येशील. मग संध्याकाळ व्हायला लागली, सुधीरचे फोन यायला लागले. अक्षत शेजाऱ्यांकडे ठेवून जायची वस्तू नाही, ती हातात द्यायची असते, म्हणून परत घेऊन आले. वड्यासुद्धा परत आणल्या, रागाने. त्या सुधीरने खाल्ल्या.

आणि तू मला पत्रात शिकवतोस, स्वतः ये, माणूस पाठव. कोणा दंतवैद्याने एक चिठ्ठी टाकली तर तू फीत कापायला धावतोस, आणि तुझी बहीण दारात बसून जाते तर तुला एक आमंत्रण हुकल्याची हळहळ वाटते. सखुबाईंनी वर्णन केलं तेव्हा तुला एकदाही वाटलं नाही की ही ताई असेल?

मी पुन्हा येणार नाही. एकदा आले ते पुरे. शिवानीलाही बजावलंय, मामाला लिहून बोलवायचं नाही, माझी शपथ आहे. मामाकडून येते ती पिवळी अष्टपुत्री साडी मीच आणली. दुकानदाराने विचारलं, मामा नाही आले? मी म्हटलं, कामात आहेत.

ताई


डोंबिवली
६ फेब्रुवारी २०२५

मामा,

कसा आहेस? मी आयुष्यात पहिल्यांदा पोस्टाने लेटर टाकतेय. पिन कोड पण गूगल केला.

मी तुला बोलावत नाहीये हां. आईने शपथ घातलीय आणि ती सध्या फुल फॉर्ममध्ये आहे. कॅटररला पण ओरडली, बाबांना पण, काल तर लिफ्टला ओरडली. रात्री जेवताना ती तुझ्याबद्दल बोलत नाही आणि ते जास्त डेंजर आहे. त्या दिवशी ती टिटवाळ्याला गेलेली ना, घरी आली आणि डायरेक्ट बाथरूममध्ये जाऊन नळ सोडून बसली. मला वाटलं नळच बिघडलाय.

तर मी फक्त एक गोष्ट सांगतेय, जनरल नॉलेज म्हणून. विनीतच्या आई आहेत ना, शीलाकाकू, त्या फार सिस्टिमवाल्या आहेत. आमच्या पत्रिकेत ज्यांची ज्यांची नावं आहेत त्या सगळ्यांना मुलाकडून पण पत्रिका गेली पाहिजे असं त्यांचं आहे. परवा त्यांनी फोन करून तुझा अॅड्रेस मागितला. मी दिला. नको द्यायला होता का? मला कोणी नाही म्हटलं नव्हतं.

आणि मामा, मी काही मागत नाहीये, पण रिहर्सलसारखं मनात करून बघते तेव्हा गौरीहरापासून उठताना माझ्या बाजूला तूच असतोस. बाकी कोणी डोक्यातच येत नाही.

शिवानी


टिटवाळा
१६ फेब्रुवारी २०२५

ताई,

तुझं पत्र वाचल्यावर त्या पायरीवर जाऊन बसलो. सखुबाई म्हणाल्या, ‘आता बसून काय उपयोग?’ तू आलीस आणि मी नव्हतो, याचं मला किती वाईट वाटलं ते मला नीट लिहिता येत नाही. सखुबाईंनी सांगितलं तेव्हा तू असशील हे मनातही आलं नाही, कारण तू येशील असं मला वाटलंच नव्हतं. हे बोलणं तुला लागेल, पण खरं आहे.

आता ऐक. काल मला लग्नाची पत्रिका आली. मुलाकडून. सौ. शीलाताई आणि कुटुंबीय. माझ्या नावावर, सहकुटुंब सहपरिवार, शाईच्या सुंदर अक्षरात. सोबत चिठ्ठी आहे: वऱ्हाडाची बस रविवारी सकाळी घोडबंदर रोडवरून निघेल, सर्वांनी तिथे जमावं.

म्हणजे मी येतोय. नियमात बसून येतोय, तुझी शपथ मोडली नाही, मला वर्ष मोडावं लागलं नाही. मला खरोखर हायसं वाटलं. तुलाही वाटेल असं समजतो.

सलिल


डोंबिवली पूर्व
२१ फेब्रुवारी २०२५

श्री. सलिल यांस,

वरपक्षाची बडदास्त आमच्याकडून नीट ठेवली जाईल. काही उणं पडल्यास सांगावं.

सौ. हेमा


डोंबिवली पूर्व
८ मार्च २०२५

सलिल,

पाहुणे गेले, गाद्या परत गेल्या, हॉलवाल्याची भांडी मोजून दिली. आता बसून लिहिते, कारण न लिहिता मला झोप लागत नाही.

टिटवाळ्याहून निघून तू डोंबिवली मागे टाकून ठाण्याला गेलास, तिथून घोडबंदरला, आणि मग वऱ्हाडाच्या बसने ट्रॅफिक खात परत डोंबिवलीला आलास. का, तर चिठ्ठीत तसं लिहिलं होतं. बस उशिरा आली. दारात मी गुलाबपाणी शिंपडत उभी होते. विनीतचे काका उतरले, आत्या उतरल्या, आणि मग माझा भाऊ उतरला, इस्त्रीच्या झब्ब्यात. मी तुझ्या हातावर अत्तर लावलं, श्रीफळ दिलं. तू ‘धन्यवाद’ म्हणालास. मला तो नारळ तुझ्या डोक्यात घालावासा वाटला.

तू मुलाकडच्या खुर्च्यांत जाऊन बसलास. शीलाताईंच्या भावाशेजारी. मी म्हटलं, बसू दे. वेळ आली की उठेल.

गुरुजींनी पुकारलं, ‘मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं.’ तू उठला नाहीस. माईकवर पुन्हा पुकारलं. सुधीर उठायला लागला, मी त्याचा हात धरून खाली बसवला. मी तुझ्याकडे बघितलं नाही. बघितलं असतं तर ते बोलावणं झालं असतं, आणि ते मला करायचं नव्हतं. अंतरपाट धरलेल्यांचे हात दुखायला लागले. कोणीतरी म्हणालं, मामा आलेच नाहीत वाटतं. ते ऐकूनही तू बसून राहिलास.

आणि मग ती पोरगी गौरीहरावरून आपली आपण उठली. मुंडावळ्या सावरत, ती पिवळी साडी सांभाळत, सगळ्या हॉलमधून चालत मुलाकडच्या खुर्च्यांत गेली. तुझ्यासमोर उभी राहिली. तुझं मनगट धरलं आणि तुला उठवून मांडवात घेऊन आली. मामाने भाचीला आणायचं असतं सलिल. भाचीने मामाला आणलं. गुरुजी माझ्याकडे बघायला लागले, मी म्हटलं, सुरू करा.

निम्म्या हॉलला काय झालं ते कळलं नाही. मला कळलं. मला वाटलं होतं, तू उठशील. पहिल्यांदा नाही तर दुसऱ्यांदा तरी उठशील. तुझी ती वह्या-कागदांची कला, तिचं काय व्हायचं ते होऊ दे, असं एकदा तुला वाटेल. नाही वाटलं. मुलीच्या लग्नात मी सगळ्यांसमोर रडले आणि सगळ्यांना वाटलं, मुलगी चालली म्हणून.

ताई


टिटवाळा
१३ मार्च २०२५

ताई,

मी का उठलो नाही ते सांगतो. पत्रिकेत हॉलचं आमंत्रण होतं, गौरीहरापर्यंत जायचं नव्हतं. हे ऐकायला हास्यास्पद वाटतं, मला माहीत आहे, त्या खुर्चीत बसून मलाही वाटत होतं. पण खरं कारण ते नव्हतं. मी तुझ्याकडे बघत होतो. तू एकदा मान वळवलीस तर उठायचं, असं मी ठरवलं होतं. तू समोर बघत राहिलीस. अंतरपाट थरथरत होता आणि आपण दोघं असे बसलो होतो.

शिवानीचा हात थंडगार होता. एवढंच मला त्या दिवसाचं नीट आठवतं.

संस्थेच्या बाईंना सगळं कळवलं. त्यांच्या मते नियम मोडलेला नाही. मी कुठे गेलो नाही, मला नेलं गेलं. त्या म्हणतात, अख्ख्या वर्षातला हा सर्वांत चांगला प्रसंग आहे आणि प्रदर्शनात तो मध्यभागी यायला हवा. त्यांना लग्नाचा फोटो हवा आहे. तुझ्या परवानगीने.

सलिल


टिटवाळा
१८ मार्च २०२५

ताई,

तुझं उत्तर नाही. फोटोचं विचारलं ते विसर. विचारायला नको होतं.

सलिल


डोंबिवली, तुझ्या दाराबाहेर
२२ मार्च २०२५

ताई,

कोणी बोलावलं नव्हतं, तरी आलो. पाडवा अजून पुढच्या आठवड्यात आहे, म्हणजे वर्ष मोडलं. तसं पोस्टकार्ड संस्थेला टाकूनच निघालो, फोटो नको हेही त्यातच लिहिलं.

तुमच्या दाराला कुलूप आहे. समोरच्या नीलाताईंनी दार उघडलं. म्हणाल्या, तुम्ही दोघं शिवानीकडे गेला आहात, घोडबंदरचा ट्रॅफिक, कधी याल त्याचा नेम नाही. तुमची चावी त्यांच्याकडे असते हेही बोलता बोलता कळलं. मी म्हटलं, मग मी आत थांबतो.

त्या म्हणाल्या, ‘तुम्ही मुलाकडचे ना? मी ओळखलं. त्या दिवशी मुलीचा मामा ऐन वेळी आलाच नाही, तर बिचारीने तुम्हाला उठवलं आणि तुम्ही उभे राहिलात. परक्याच्या मुलीसाठी एवढं कोण करतं हो? आमची सगळी बिल्डिंग अजून तुमचं नाव काढते.’ त्या मामाबद्दल बिल्डिंग काय म्हणते तेही त्यांनी सांगितलं. ते लिहीत नाही.

मी म्हटलं, तो मामा मीच. त्या हसल्या. मग माझ्याकडे नीट बघून म्हणाल्या, ‘हेमाताईंच्या भावाला मी इतक्या वर्षांत या दारात कधी पाहिलं नाही. तुम्ही राग मानू नका, पण चावी मी घरच्या माणसालाच देते.’ चहा मात्र दिला, व्याह्यांकडचा माणूस म्हणून ट्रेमध्ये, सोबत चिवडा.

हा कागद त्यांच्याकडूनच मागून घेतला. खाली एखादी चक्कर मारायला गेलो आणि चुकामूक झाली तर, म्हणून कडीत अडकवून ठेवतो. बाकी मी जिन्यातच बसलोय. आलीस की कुलूप नंतर उघड. आधी समोरचं दार वाजव आणि त्यांना सांग, मी तुझा कोण ते.

सलिल